गृहकर्जाची खरी किंमत: विसार देण्याआधीपासून बोजा उतरेपर्यंतचा हिशेब

गृहकर्ज घेणाऱ्या बहुतेकांचा हिशेब एकाच प्रश्नापाशी थांबतो: महिन्याला हप्ता किती बसेल? पगारातून तेवढी रक्कम निघते असे दिसले की विसार दिला जातो, साठेखत होते आणि कर्जाचे कागद सर्वांत शेवटी, घाईघाईत, बाणाच्या खुणा केलेल्या जागी सह्या करून पुरे केले जातात. सांगलीत ओळखीपाळखीची माणसे मंजुरीपत्रे घेऊन माझ्याकडे येतात, तेव्हा दहापैकी आठजणांना हप्ता पाठ असतो. मात्र एकूण किती हप्ते भरायचे आहेत आणि आज मुद्दल किती शिल्लक आहे, हे सांगता येत नाही. वास्तविक कर्जाची किंमत या दोन आकड्यांत असते, हप्त्यात नसते. म्हणून पुढील टप्पे दिलेल्या क्रमानेच करावेत. क्रम उलटला की चूक लक्षात येते, पण दुरुस्त करता येत नाही.

उदाहरणासाठी सर्वत्र एकच व्यवहार धरला आहे: विश्रामबाग परिसरातील, बांधकाम सुरू असलेल्या इमारतीतील ३८ लाखांचा फ्लॅट, ३० लाखांचे कर्ज, ८.५ टक्के दर आणि २० वर्षांची मुदत. आपले आकडे वेगळे असतील. पद्धत हीच राहील.

टप्पा १: मालमत्तेचे कागद आधी, कर्जाचा दर नंतर

स्वस्त दराचे कर्ज मिळणे हे पगारापेक्षाही मालमत्तेच्या कागदांवर अवलंबून असते, आणि हे आपल्याकडे फार उशिरा समजते. सांगली, मिरज, कुपवाड पट्ट्यात गुंठेवारीची (शेतजमिनीचे मंजुरीविना लहान तुकडे पाडून विकलेल्या जागांची) घरे आणि प्लॉट मोठ्या संख्येने आहेत. गुंठेवारी नियमित झालेली नसेल, बिगरशेती आदेश नसेल किंवा मंजूर रेखांकन नसेल, तर मोठ्या बँका सहसा मागे सरतात. तोपर्यंत विसार दिलेला असतो, जागामालक तारखेचा तगादा लावतो, आणि मग दोन-तीन टक्के महाग दराने जो कोणी कर्ज देईल त्याच्याकडे जावे लागते. ते दोन-तीन टक्के पुढची वीस वर्षे भरावे लागतात.

त्यामुळे विसार देण्यापूर्वी सातबारा किंवा प्रॉपर्टी कार्ड, बिगरशेती आदेश, मंजूर नकाशा, मागील व्यवहारांचे इंडेक्स टू (नोंदणी झालेल्या दस्ताचा सारांश उतारा) आणि फ्लॅट असल्यास महारेरा नोंदणी एवढे कागद हातात घ्यावेत. ते कर्ज घ्यायच्या बँकेच्या पॅनेलवरील वकिलांना दाखवून टायटल सर्च (मालकी हक्काची शहानिशा) करून घ्यावा. कृष्णाकाठच्या जागेसाठी निळी आणि लाल पूररेषा नकाशावर पाहावी, कारण निळ्या रेषेच्या आत बांधकामावर निर्बंध असतात. २०१९ आणि २०२१ च्या पुरात ज्या गल्ल्यांत पाणी आले, तिथे शेजाऱ्यांना पाणी किती फूट चढले होते हे विचारणे कोणत्याही अहवालापेक्षा लवकर होते.

*सावध:* विसार पावतीत "कर्ज मंजूर न झाल्यास विसाराची रक्कम परत" अशी ओळ लिहून घ्यावी. तोंडी आश्वासन पुरेसे नाही.

टप्पा २: पहिल्या दिवशी खिशातून जाणारी रक्कम

"फ्लॅट अडतीसचा, कर्ज तीसचे, म्हणजे आपले आठ" हे गणित जवळजवळ प्रत्येकजण करतो आणि ते जवळजवळ नेहमी चुकते. बँका ३० लाखांपर्यंतच्या कर्जासाठी मालमत्तेच्या किमतीच्या ९० टक्क्यांपर्यंत, त्यापुढे ७५ लाखांपर्यंत ८० टक्के आणि त्याहून मोठ्या कर्जासाठी ७५ टक्क्यांपर्यंतच कर्ज देऊ शकतात. १० लाखांपर्यंतच्या घरांचा अपवाद वगळता ही टक्केवारी काढताना मुद्रांक शुल्क आणि नोंदणी फी किमतीत धरली जात नाही. म्हणजे ते पैसे आपल्यालाच उभे करावे लागतात.

आपल्या उदाहरणात महापालिका हद्दीतील मुद्रांक शुल्क स्थानिक अधिभारासह ६ टक्के धरले, तर २,२८,००० रुपये होतात. केवळ महिलेच्या नावे घर घेतल्यास यात एक टक्का सवलत मिळते. पती-पत्नीच्या संयुक्त नावावर ती मिळेल असे गृहीत धरू नये. शुल्क करारातील किंमत आणि बाजारमूल्य तक्त्यातील किंमत यांपैकी जी जास्त असेल तिच्यावर लागते. सातारा, कराड यांसारख्या नगरपालिका हद्दीत किंवा ग्रामपंचायत हद्दीत दर वेगळा असू शकतो, म्हणून दुय्यम निबंधक कार्यालयातून मूल्यांकन आधी काढून घ्यावे. नोंदणी फी ३०,००० रुपये. बांधकाम सुरू असलेल्या घरावर जीएसटी लागतो: महानगरांबाहेर ९० चौरस मीटरपर्यंत चटई क्षेत्र आणि ४५ लाखांपर्यंत किंमत असेल तर १ टक्का, अन्यथा ५ टक्के. आपला फ्लॅट पहिल्या गटात बसतो, म्हणून ३८,०००. बांधकाम पूर्णत्वाचा दाखला मिळाल्यानंतर बिल्डरकडून घेतलेल्या घरावर हा कर नाही.

त्यानंतर बँकेचा खर्च येतो. प्रोसेसिंग फी अर्धा टक्का धरली तर १५,००० आणि तिच्यावर १८ टक्के जीएसटी, मिळून १७,७००. वकील, टायटल सर्च, मूल्यांकन आणि गहाणखतावरील मुद्रांक यांसाठी ३०,००० धरू. ग्रिल, विजेचे मीटर, सोसायटीची अनामत, किचनचे किरकोळ काम आणि पंखे-दिवे यांसाठी अडीच लाख धरले, तर ते कमीच म्हणावे लागतील.

बेरीज अशी:

- स्वतःचा हिस्सा: ८,००,०००
- मुद्रांक शुल्क आणि नोंदणी: २,५८,०००
- जीएसटी: ३८,०००
- प्रोसेसिंग फी करासह: १७,७००
- वकील, मूल्यांकन, गहाण नोंद: ३०,०००
- राहण्यायोग्य करण्याचा खर्च: २,५०,०००
- एकूण: १३,९३,७००

"आपले आठ" म्हणणाऱ्या माणसाला प्रत्यक्षात चौदा लागतात. मधले सहा लाख कुठून येणार, हा प्रश्न साठेखताच्या आदल्या आठवड्यात पडू नये. तो पडतो तेव्हा सोनेतारण, वैयक्तिक कर्ज किंवा मध्येच उचललेली भिशी यांतून उत्तर शोधले जाते, आणि गृहकर्जाच्या हप्त्याशेजारी दुसरा, अधिक महाग हप्ता येऊन बसतो. असे करावे लागत असेल तर ते व्याजही घराच्या किमतीत लिहावे.

सहकारी बँकेतून कर्ज घेत असाल तर भागांची (शेअर्सची) रक्कम विचारावी. तारणी कर्जावर अडीच टक्के भाग घ्यावे लागले, तर ३० लाखांवर ७५,००० रुपये अडकतात. ते बुडत नाहीत, पण पहिल्या दिवशी हातात असावे लागतात.

टप्पा ३: हप्ता फोडून पाहणे

आता वही घ्यावी. मोबाइलवरील कॅल्क्युलेटर हप्ता सांगतो, पण स्वतः तीन ओळी लिहिल्याशिवाय कर्ज समजत नाही, असे माझे ठाम मत आहे. शिल्लक मुद्दलाला वार्षिक दराने गुणून १२०० ने भागले की त्या महिन्याचे व्याज निघते. हप्त्यातून ते वजा केल्यावर जे उरते, तेवढेच मुद्दल फिटते.

३० लाख, ८.५ टक्के, २० वर्षे यांचा हप्ता २६,०३५ रुपये येतो. पहिल्या महिन्याचे व्याज २१,२५०. मुद्दल फिटले ४,७८५. शिल्लक २९,९५,२१५. दुसऱ्या महिन्याचे व्याज २१,२१६, मुद्दल ४,८१९, शिल्लक २९,९०,३९६. दोन महिन्यांत बावन्न हजार भरले आणि कर्ज साडेनऊ हजारांनी कमी झाले.

हीच गती पुढे नेली तर पाच वर्षांत १५,६२,००० रुपये भरून होतात, पण मुद्दल केवळ ३,५६,००० ने घटते; शिल्लक जवळपास २६,४४,००० राहते. कर्ज निम्मे, म्हणजे १५ लाखांवर यायला चौदावे वर्ष संपत येते. पाच-सहा वर्षांनी घर विकून मोठे घेऊ, असा विचार करणाऱ्यांनी हा आकडा आधी पाहावा, कारण विक्रीच्या पैशातून पहिल्यांदा ही शिल्लक फेडावी लागते.

वीस वर्षांत एकूण भरणा ६२,४८,००० होतो, त्यात व्याज ३२,४८,०००. टप्पा २ मधील रक्कम मिळवली की अडतीस लाखांच्या फ्लॅटसाठी खिशातून ७६ लाख ४२ हजार जातात. वीस वर्षांनंतरच्या रुपयाची किंमत आजच्यापेक्षा कमी असेल आणि तोपर्यंत घरभाडेही वाचेल, हे दोन्ही खरे आहे. म्हणून या आकड्याने घाबरून जाऊ नये. पण दोन कर्जांची किंवा दोन मुदतींची तुलना करायची असेल तर याच बेरजेवर करावी.

*पडताळणी:* दर "घटत्या शिलकीवर" आहे की "सरळ" (शेवटपर्यंत मूळ रकमेवर) आहे, हे लेखी विचारावे. ५ लाखांवर ८ टक्के सरळ व्याज दहा वर्षांसाठी म्हणजे ४ लाख व्याज आणि ७,५०० चा हप्ता. घटत्या शिलकीच्या भाषेत हाच दर १३ टक्क्यांच्या पुढे जातो. घरदुरुस्तीसाठी पतसंस्थेतून लहान कर्ज घेताना हा प्रश्न विसरला जातो.

टप्पा ४: मुदत हप्त्यावरून ठरवू नये

बँकेतील माणूस आपुलकीने म्हणतो, "पंचवीस वर्षे करू या, हप्ता हलका होईल." हलका किती होतो आणि त्याची किंमत किती पडते, ते शेजारी शेजारी लिहावे. सर्व आकडे ३० लाख आणि ८.५ टक्क्यांचे आहेत.

- १५ वर्षे: हप्ता २९,५४२, एकूण व्याज २३,१८,०००
- २० वर्षे: हप्ता २६,०३५, एकूण व्याज ३२,४८,०००
- २५ वर्षे: हप्ता २४,१५७, एकूण व्याज ४२,४७,०००
- ३० वर्षे: हप्ता २३,०६७, एकूण व्याज ५३,०४,०००

वीसवरून पंचवीस वर्षांवर गेल्यास हप्ता १,८७८ रुपयांनी उतरतो आणि व्याज जवळपास १० लाखांनी चढते. पंचवीसवरून तीसवर गेल्यास हप्ता १,०९० ने उतरतो, व्याज मात्र आणखी साडेदहा लाखांनी वाढते. मुदत जितकी लांबेल तितकी हप्त्यातील सवलत आटत जाते आणि तिची किंमत वाढत जाते.

अर्थात, ओढाताण होईल इतका मोठा हप्ता घेणेही चुकीचे आहे. ज्यांचे उत्पन्न महिन्याचे नाही, उदाहरणार्थ ऊसबिलावर, हळदीवर किंवा तासगाव भागात द्राक्षाच्या हंगामावर घर चालते, त्यांनी वीस वर्षांचा हप्ता घेऊन हंगामाच्या पैशातून आगाऊ भरणा करावा. याची पद्धत टप्पा ८ मध्ये आहे.

टप्पा ५: दर कशाला जोडला आहे

आजचा दर किती, यापेक्षा तो उद्या कोणाच्या निर्णयाने बदलणार, हा प्रश्न मोठा आहे. व्यापारी बँकांची १ ऑक्टोबर २०१९ पासूनची बदलत्या दराची नवी गृहकर्जे रेपो दरासारख्या (रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना कर्ज देते त्या दरासारख्या) बाह्य निकषाशी जोडलेली असतात आणि तीन महिन्यांतून किमान एकदा त्यांचा दर नव्याने ठरतो. गृहवित्त कंपन्या आणि सहकारी बँका यांच्यावर हे बंधन नाही. त्यांचा दर त्यांच्या स्वतःच्या मूळ दराला जोडलेला असू शकतो. तिथे कर्ज घेऊच नये असे नाही, पण रेपो दर उतरल्यावर आपला हप्ता आपोआप उतरेल ही अपेक्षा तिथे धरू नये.

दर वाढल्यावर काय होते, ते २०२२-२३ मध्ये अनेकांनी अनुभवले. मे २०२२ पूर्वी ४ टक्के असलेला रेपो दर फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५ टक्क्यांवर पोहोचला. ३० लाखांचे कर्ज ६.७५ टक्क्यांनी वीस वर्षांसाठी घेतले तर हप्ता २२,८११ येतो. वर्षभर भरल्यावर शिल्लक सुमारे २९,२६,५०० राहते. आता दर एकदम ९.२५ झाला असे धरू. महिन्याचे व्याजच २२,५५९ होते आणि मुद्दलासाठी अडीचशे रुपये उरतात. हप्ता तोच ठेवला तर हे कर्ज फिटायला आणखी सुमारे ४९ वर्षे लागतील.

दर वाढल्यावर मुदतीकडे न पाहण्याची चूक मी माझ्या स्वतःच्या कर्जाबाबत केली. हप्ता बदलला नाही, म्हणून मी निर्धास्त होतो. पत्र आले होते. ते वीजबिलांच्या गठ्ठ्यात गेले. पुढच्या वर्षी आयकरासाठी व्याजाचा दाखला काढला, तेव्हा ज्या कर्जाचे १७१ हप्ते उरले होते, त्याचे वर्षभर नियमित भरणा करूनही २०३ हप्ते उरलेले दिसले.

ऑगस्ट २०२३ च्या रिझर्व्ह बँकेच्या निर्देशांनुसार दर वाढताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे करायचे, याची निवड कर्जदाराला द्यावी लागते. प्रत्येक तिमाहीला वसूल झालेले मुद्दल, व्याज, दर आणि उरलेले हप्ते दाखवणारे विवरणही द्यावे लागते. निवड कळवली नाही तर बहुधा मुदतच वाढते, कारण त्यात कोणाचीच तक्रार येत नाही.

*पडताळणी:* आजच्या दरापेक्षा दोन टक्के जास्त दराने हप्ता काढावा. ३० लाख, १०.५ टक्के, २० वर्षे यांचा हप्ता जवळपास २९,९५० येतो. तो भरणे शक्य नसेल तर कर्जाची रक्कम कमी करावी.

टप्पा ६: की फॅक्ट स्टेटमेंट आणि विमा

१ ऑक्टोबर २०२४ पासूनच्या नव्या किरकोळ कर्जांना की फॅक्ट स्टेटमेंट देणे बंधनकारक आहे. त्यात दर, सर्व आकार, हप्त्यांचा संपूर्ण तक्ता आणि एपीआर म्हणजे सर्व खर्च मिळवून पडणारा वार्षिक दर असतो. हे पत्रक कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत द्यावे लागते, म्हणून मराठीतून मागण्यात संकोच करू नये. त्यात न दाखवलेला आकार नंतर आपल्या स्पष्ट संमतीशिवाय लावता येत नाही.

दोन ठिकाणांची पत्रके शेजारी ठेवून एपीआर पाहावा. ८.४ टक्के दर आणि भरमसाट फी यांपेक्षा ८.५ टक्के आणि किरकोळ फी स्वस्त पडू शकते. पाव टक्क्याचा फरक मात्र हलका समजू नये: ३० लाखांवर वीस वर्षांत तो १ लाख १४ हजारांच्या आसपास जातो.

विम्याच्या ओळीवर थोडे थांबावे लागेल. गेल्या दिवाळीनंतर एक शिक्षक प्लास्टिकच्या पिशवीत फाइल घेऊन आले. मंजुरी ३० लाखांची, खात्यावर कर्ज मात्र ३०,९०,०००. ते दोन आठवडे बँकेत विचारत होते की नव्वद हजार कुठून आले. फाइलच्या सातव्या पानावर, बारीक टाइपात, एकरकमी हप्त्याच्या कर्जविम्याची ओळ होती आणि खाली त्यांचीच सही होती. नव्वद हजार कर्जात मिळवले की ८.५ टक्क्यांनी त्यावर महिन्याला ७८१ रुपये आणि वीस वर्षांत १,८७,००० रुपये जातात. शिवाय अशा पॉलिसीतील संरक्षण बहुधा कर्जाबरोबर घटत जाते.

कर्ज घेणाऱ्या माणसाला पुरेसा जीवनविमा असावा, यात वाद नाही. मात्र तो विशिष्ट कंपनीकडूनच घेण्याची सक्ती करता येत नाही. स्वतंत्र मुदत विम्याचा वार्षिक हप्ता काढून तुलना करावी आणि मगच ठरवावे. विम्याचा हप्ता कर्जाच्या मूळ रकमेत मिळवू द्यायचा नसेल तर तसे अर्जावरच लिहावे.

घराचा विमा ही वेगळी बाब आहे आणि आपल्या भागात ती टाळू नये. "भारत गृह रक्षा" या प्रमाणित पॉलिसीत पूर आणि भूकंप दोन्ही येतात. सांगलीला पहिल्याची आणि पाटण-कराड भागाला दुसऱ्याची गरज समजावून सांगावी लागत नाही. विम्याची रक्कम बांधकामाच्या खर्चाएवढी ठेवावी. जमिनीच्या किमतीचा विमा उतरवून हप्ता वाढवण्यात अर्थ नाही.

टप्पा ७: ताब्यापूर्वीचे व्याज

बांधकाम सुरू असताना कर्ज टप्प्याटप्प्याने दिले जाते आणि उचललेल्या रकमेवर केवळ व्याज भरावे लागते. अठरा महिने सरासरी १५ लाख उचललेले असतील तर महिन्याला १०,६२५ प्रमाणे १,९१,२५० रुपये जातात आणि मुद्दल एका रुपयानेही कमी होत नाही. त्याच काळात घरभाडेही चालू असते. ताबा लांबला तर दोन्ही लांबतात. शक्य असेल तर पहिल्या उचलीपासून पूर्ण हप्ता सुरू करण्याची विनंती करावी. स्लॅब पडल्याचे स्वतः पाहिल्याशिवाय पुढची उचल बिल्डरला देण्यास संमती देऊ नये.

टप्पा ८: आगाऊ भरणा, तोही लवकर

बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतीपूर्व फेडीचा दंड घेता येत नाही. ठरावीक दराचे कर्ज असेल तर मंजुरीपत्रातील कलम वाचावे.

लवकर भरणे किती मोलाचे, ते एका लाखाच्या उदाहरणाने कळते. पहिल्या वर्षाच्या अखेरीस १ लाख भरून हप्ता तोच ठेवला तर शेवटचे १८ हप्ते, म्हणजे सुमारे ४ लाख ७० हजार वाचतात. तेच १ लाख पंधराव्या वर्षाच्या अखेरीस भरले तर पावणेसहा हप्ते, म्हणजे सुमारे दीड लाख वाचतात. दरवर्षी केवळ एक जादा हप्ता भरला तरी वीस वर्षांचे कर्ज १६ वर्षे ८-९ महिन्यांत संपते आणि सहा लाखांहून अधिक व्याज वाचते. ऊसबिल, बोनस, महागाई भत्त्याचा फरक यांपैकी जे वर्षातून एकदा येते, त्याला ही जागा ठरवून द्यावी.

येथे होणारी नेहमीची चूक म्हणजे पैसे भरल्यावर "हप्ता कमी करा" असे सांगणे. "मुदत कमी करा, हप्ता तोच ठेवा" असे लेखी द्यावे आणि पोच घ्यावी. दुसरी चूक याच्या उलट आहे: हाताशी असलेले सगळे पैसे कर्जात टाकणे. किमान सहा हप्त्यांएवढी रक्कम बाजूला ठेवावी, कारण कर्जात भरलेले पैसे दवाखान्याच्या दारात परत मिळत नाहीत. टॉप-अप (त्याच घरावर वाढीव कर्ज) मिळते, पण तेही पुन्हा कर्जच.

आयकराबाबत एवढेच: राहत्या घराच्या व्याजावर २ लाखांपर्यंतची आणि मुद्दलासह दीड लाखापर्यंतची वजावट जुन्या करप्रणालीत मिळते. नव्या प्रणालीत राहत्या घरासाठी ती नाही. कर वाचतो म्हणून कर्ज फेडू नये, हा सल्ला ऐकण्यापूर्वी आपण कोणत्या प्रणालीत आहोत ते पाहावे.

टप्पा ९: वर्षातून एकदा, पंधरा मिनिटे

एप्रिल महिन्यात व्याजाचा दाखला काढतानाच चार आकडे वहीत लिहावेत: शिल्लक मुद्दल, सध्याचा दर, उरलेले हप्ते आणि वर्षभरात फिटलेले मुद्दल. मागच्या वर्षीच्या आकड्यातून बारा वजा करून उरलेले हप्ते जुळतात का, ते पाहावे. जुळत नसतील तर त्याच आठवड्यात शाखेत जावे.

नव्या कर्जदारांना मिळणारा दर आणि आपला दर यांतील फरकही तपासावा. फेब्रुवारी २०२५ पासून रेपो दर उतरत गेला, तरी जुन्या पद्धतीच्या मूळ दराशी जोडलेली अनेक कर्जे तितकी उतरली नाहीत. २५ लाख शिल्लक, १५ वर्षे बाकी आणि दर ९.५ ऐवजी ८.५ झाला तर हप्ता १,४८७ ने कमी होऊन एकूण २ लाख ६७ हजारांच्या आसपास वाचतात. प्रथम आहे त्याच बँकेत रूपांतर फी भरून दर कमी करून मागावा. नकार मिळाला तरच दुसरीकडे कर्ज हलवावे आणि त्या वेळी प्रोसेसिंग फी, वकील, नवे गहाणखत यांचा खर्च वाचणाऱ्या रकमेतून वजा करावा. मुदतीची शेवटची तीन-चार वर्षे उरली असतील तर हलवण्यात सहसा काही हाती लागत नाही.

टप्पा १०: शेवटचा हप्ता आणि त्यानंतर

शेवटचा हप्ता भरला म्हणजे काम संपले असे समजून अनेकजण घरी पेढे वाटतात आणि दहा वर्षांनी वारसनोंदीच्या वेळी तलाठी कार्यालयात सातबाऱ्याच्या इतर हक्कांत बँकेचे नाव तसेच असलेले दिसते. तोपर्यंत शाखा दुसऱ्या शाखेत विलीन झालेली असते.

पूर्ण फेड झाल्यावर मूळ कागद ३० दिवसांत परत देणे बँकेवर बंधनकारक आहे; तिच्या बाजूने उशीर झाल्यास दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते. कागद देताना तपासण्यासाठी, कर्ज घेताना बँकेने दिलेली कागदांची यादी जपून ठेवावी आणि प्रत्येक कागदाची पाने मोजून घ्यावीत. त्यासोबत कर्ज निरंक असल्याचा दाखला, न वापरलेले धनादेश आणि बोजा (मालमत्तेच्या उताऱ्यावरील कर्जाची नोंद) कमी करण्याचे पत्र घ्यावे. विमा पॉलिसीवर बँकेचे नाव चढवलेले असल्यास तेही काढून घ्यावे.

बोजा कमी करण्याचे पत्र सातबारा असल्यास तलाठ्यांकडे आणि प्रॉपर्टी कार्ड असल्यास नगर भूमापन कार्यालयात अर्जासह द्यावे, पोच घ्यावी, आणि महिना-दीड महिन्याने नवा उतारा काढून बँकेचे नाव गेल्याचे स्वतःच्या डोळ्यांनी पाहावे. तो उतारा त्याच फाइलमध्ये, पहिल्या मंजुरीपत्राच्या वर लावून ठेवावा.